एक पुडा परत ठेवा

शुक्रवार, ३ जानेवारी

मसाल्याच्या एजंटानं नव्या वर्षाची डायरी दिली. दर वर्षी ती आशिष बोरगावच्या दुकानात घेऊन जातो आणि पानं फाडून त्यावर फोन नंबर लिहून देतो. यंदा मी ती आधीच गल्ल्याखाली सरकवली. चिन्मयी परत जाताना म्हणालीच होती, "बाबा, तुमच्याबद्दल लोक लिहायला लागलेत, तुम्ही स्वतःपण काहीतरी लिहीत जा की."

ही डायरी कुणी वाचणार नाही, तरी ओळख लिहितो. सुरुवातीला ओळख बरी दिसते. मी गोपाळ. निपाणीत महादेव सुपर बाजार आमचा. महादेव म्हणजे वडील. त्यांचं किराणा दुकान होतं, मी त्याचं सुपर मार्केट केलं. दुसरं दुकान बोरगावात, ते मुलगा आशिष बघतो. लेक चिन्मयी हॉलंडात नोकरीला. मंडळी, म्हणजे कल्याणी, दुकानात दारापाशी बसते. गिऱ्हाईक आत जाताना आपली पिशवी तिच्याकडे ठेवतं आणि बिल्ला घेतं. काम काही नाही, पण घरात बसून गुडघे धरतात म्हणते.

तर झालं असं. चिन्मयी डिसेंबरात आलती तेव्हा तिनं मोबाईलवर माझं चित्रण केलं. गुणाबाई बिस्किटांचे तीन पुडे घेऊन बिलाला आल्या. मी म्हणालो, "वैनी, एक पुडा परत ठेवा. मालकांची साखर वाढल्या, आणि तुम्ही तीन-तीन पुडे नेतासा व्हय?" गुणाबाईंनी गुमान पुडा ठेवला. माझ्यासाठी ही रोजची गोष्ट. वडीलही गिऱ्हाइकाला असंच म्हणायचे. पण चिन्मयीनं खाली तिकडच्या भाषेत ओळी घालून ते ऑफिसातल्या चार लोकांना पाठवलं, आणि त्या चारांचे कितीतरी झाले. तिकडं म्हणे दुकानदारानं माल कमी घे म्हणावं हे कुणी बघितलेलंच नाही.

बुधवार, ८ जानेवारी

तिकडच्या पेपरात फोटो आला! गल्ल्यावरचा मी, हातात बिस्किटाचा पुडा. माझं नाव त्यांनी कसं लिहिलंय कुणास ठाऊक, पण मिशी बरोबर माझीच आहे. चिन्मयी सांगत होती, तिकडं सुपर मार्केट चालवणारी घराणी लई नावाजलेली असतात, मालक टीव्हीवर येऊन देशाच्या कारभारावर बोलतात. म्हणालो, मग इकडंच काय वेगळं आहे? आशिष हसला. त्याला काही कळत नाही.

बातमीवाल्या बाईनं विचारलंय की कुणाच्या घरात काय आहे हे तुम्हाला कसं कळतं. मी उत्तर पाठवलं, निरीक्षण. गिऱ्हाइकाच्या तोंडाकडं बघितलं की मला घर दिसतं. हे खरंच आहे. काल दुपारी जेवताना कल्याणी सांगत होती की पिठाच्या गिरणीशेजारच्या वहिनींची सून दिवसातनं दोनदा उलट्या काढते. मी ऐकलं न ऐकलं. आणि आज ती सासू आवळ्याचं लोणचं घेऊन आली तेव्हा मला तोंड बघताक्षणी कळलं. म्हणालो, "लोणच्याची बरणी मोठी न्या, नातू यायचाय." बाई लाजली. मागची रांग हसली. माझी नजरच तशी आहे.

मंगळवार, १४ जानेवारी. संक्रांत

आज तिकडच्या सकाळच्या कार्यक्रमात मी. त्यांची सकाळ म्हणजे आपले दुपारचे दीड. गोदामात तांदळाच्या पोत्यांपुढं खुर्ची टाकली. आशिषनं मोबाईल उभा करून दिला. चिन्मयी तिकडं त्यांच्या शेजारी बसून दोन्हीकडचं सांगत होती. योरिस नावाचा पोरगा, सोन्यासारखे केस, त्यानं विचारलं, एकावर एक फुकट ही योजना तुमच्याकडं आहे का?

मी म्हणालो, "हाय की. पर दुसरं फुकटचं घेतलेलं कुणाच्या घरात नासतंय, ते मला ठाऊक असतंय. म्हणून मी देत न्हाय."

टाळ्या वाजल्या. मी स्वतः ऐकल्या. शेवटी त्यांनी मला त्यांच्या भाषेत 'एक परत ठेवा' म्हणायला शिकवलं. झेट एर एन्चे तेरुख. घशातनं खाकरल्यासारखं काढावं लागतं. दर मंगळवारी याल का, विचारलं. येईन म्हणालो. मला कुठं काय काम आहे?

घरी गेलो तर कल्याणी जेवून उठलेली. आमचं दीडचं जेवण एकत्र असतं, पण आजची ती वेळ तिकडं गेली. तिळगूळ मात्र दिला तिनं.

गुरुवार, २३ जानेवारी

माझं व्यंगचित्र आलंय! एका मंत्र्याच्या हातातनं मी काहीतरी काढून घेतोय आणि परत ठेवायला सांगतोय. काय काढून घेतोय ते चिन्मयीलाही नीट सांगता येईना. तिकडच्या एका गावात दुकानदारानं माझा फोटो लावलाय. मंगळवारी मी त्यांच्या न्याहारीवर बोललो. थंड दुधात कोरडा पाव बुडवून माणूस कामाला जातो, तर चिडचिड होणारच. योरिस पोट धरून हसला.

इकडं दुकानात रोज कुणीतरी फोटो काढायला येतं. परवा संकेश्वराकडनं दोन पोरं मोटारसायकलवर आलती. एक कन्नड मास्तर आले आणि म्हणाले, "एन्री अण्णा, नमगू स्वल्प हेळ्री," म्हणजे आम्हालाही काहीतरी सांगा. त्यांच्या बास्केटमधला तंबाखूचा डबा मी काढून घेतला. सगळे खूश.

एक गोष्ट मात्र चमत्कारिक. पिशव्या ठेवायचे खण अठ्ठेचाळीस आहेत आपले. सकाळी अकराला सगळे भरायचे, कल्याणी मग खाली फरशीवर ठेवायची. आज बघितलं तर अर्धे रिकामे. बायका नुसते हात हलवत येतात आणि मोबाईलवर बोलत आत शिरतात. कागदी पिशवी विकत घेतात. थंडीचे दिवस आहेत, पिशवी विसरत असतील. कल्याणीला म्हणालो, "तुला आराम झाला." तिनं रिकामे खण पुसून काढले. दुपारी आमटीत मीठ जास्त पडलंतं.

मंगळवार, ४ फेब्रुवारी

आज चिन्मयीनं कार्यक्रमाआधीच फोन केला. तिकडच्या एका बाईनं पेपरात माझ्याविरुद्ध लिहिलंय. त्या म्हणतात, एका बाईच्या नवऱ्याला काय आजार आहे हे चारचौघांत सांगायचा या गृहस्थाला काय अधिकार? आपण सगळे हसलो, पण त्या बाईला कुणी विचारलं का?

मी म्हणालो, "त्या बाईला निपाणी ठाऊक न्हाय. हितं सगळ्यांचं सगळ्यांना ठाऊक असतंय."

"तरी पण बाबा, गुणाबाई काय म्हणाल्या?"

गुणाबाई संक्रांतीपासनं आलेल्याच नाहीत. लेकीकडं गेल्या असतील. चिन्मयीला तसंच सांगितलं. पण मग वाटलं, त्यांना लेक आहे का? ते कल्याणीला विचारायचं राहिलं.

शनिवार, ८ फेब्रुवारी

हॉलंडवाले येणार! प्रत्यक्ष. चार दिवस दुकानात चित्रण करून अर्ध्या तासाची फिल्म करणार. आनेके नावाच्या बाई आहेत, त्यांच्यासोबत कॅमेरावाला, आणि इकडं दुभाषा म्हणून पिरनवाडीचा सौरव ठरला. फिल्मचं नावही ठरलंय, ते पुडा परत ठेवायचंच. दुकानाला आतून रंग द्यायला घेतला.

कल्याणीला सांगितलं तर ती म्हणाली, "कवा येणार?"

"एकोणीस-वीसला."

"मग मी तेराला दोन आठवडे शहापूरला जातो. रचनाचं लग्न मार्चात हाय, साड्या काढायच्या हायत. भाऊ कवापासनं बोलवालाय."

तिचं माहेर बेळगावातल्या शहापुरात. भाचीचं लग्न आहे खरं, पण साड्यांना दोन आठवडे? मी फार ताणलं नाही. खरं लिहायचं तर थोडं बरंच वाटलं. कॅमेऱ्यापुढं ती मध्येच बोलली असती तर गोंधळ झाला असता.

गुरुवार, १३ फेब्रुवारी

कल्याणीला बसमध्ये बसवून आलो. पिशव्यांच्या काउंटरला बिलिंगमधल्या नीलमला बसवलं. ती मोबाईलमधनं डोकं काढत नाही, पण बिल्ले बरोबर देते. तेवढंच तर काम आहे.

रविवार, १६ फेब्रुवारी

एकटा जेवलो. दुपार केवढी मोठी असते.

बुधवार, १९ फेब्रुवारी

आले. आनेकेबाई माझ्यापेक्षा हातभर उंच. पितळी समईपासून उंदराच्या पिंजऱ्यापर्यंत सगळ्याला हात लावून बघितलं. मी दिवसभर फॉर्मात होतो. दोन मैद्याच्या पिशव्या, एक साबणाचा जोड आणि एका म्हाताऱ्याची शेव परत ठेवायला लावली. गिऱ्हाइकं पण आता तयारीनंच येतात, मुद्दाम जादा माल घेऊन माझ्याकडं बघत उभी राहतात. एकाच वेळी रांगेत सहा जण, सगळ्यांच्या हातात दोन-दोन बिस्किटांचे पुडे. असं कधी होत नसतं, पण कॅमेऱ्याला ते लई आवडलं.

गुरुवार, २० फेब्रुवारी

आज माझ्या हातून जे झालं ते लिहायला पेन उचलत नाही. पण लिहितो.

दुपारी बाराच्या सुमाराला पूर्णिमा आली. बोरगाव रस्त्यालगतच्या मळ्यातली, नवरा वायरमन, घरात सासूसुद्धा माणसं तीन. तिच्या ट्रॉलीत पाच किलो साखर, पाच किलो रवा, तुपाचे डबे. कॅमेरा माझ्यावर. मला एकदम आठवलं की तिच्या सासूबाईंना साखर वर्ज्य आहे, मागं कधीतरी जेवताना निघालं होतं. मी मोठ्यानं, मागच्या भिंतीपर्यंत जाईल असं म्हणालो, "काय गं पूर्णिमा, माणसं तीन आणि साखर पाच किलो? सासूला मारतीस काय? ठेव परत दोन पिशव्या!" आणि मी स्वतः एक पिशवी उचलून काढली.

ती मग खाली बघून म्हणाली, "सासूबाई गेल्या अण्णा. उद्या तेरावा हाय. गोड जेवण करायचं हाय."

 मी साखरेची पिशवी तशीच धरून उभा. नीलमनं पहिल्यांदा मोबाईल खाली ठेवला. पूर्णिमाच्या डोळ्यांत पाणी आलं, पण ती आवाज न करता बिल देऊन गेली. मी माफी मागितली का? नाही मागितली. 

बारा दिवस झाले त्या माउलीला जाऊन. माझ्या दुकानातनं तिच्या घरी पंधरा वर्षं माल जातो, आणि मला कुणी सांगितलं नाही.

शुक्रवार, २१ फेब्रुवारी

आजची गोष्ट कालच्यापेक्षा वाईट आहे, आणि ती मी एकट्यानं केली.

सकाळी आनेकेबाईंनी मला कालचं चित्रण दाखवलं. पूर्णिमाचं तोंड जवळनं, डोळ्यांत पाणी. आनेकेबाई छातीवर हात ठेवून काहीतरी म्हणाल्या. सौरवनं खाली बघत सांगितलं, "मॅडम म्हणतात, या बाईला किती भरून आलंय बघा. दुकानदार आपली एवढी काळजी करतो म्हणून. फिल्मचा शेवट यावरच करायचा म्हणतात."

मी सौरवला विचारलं, "ती काय बोलली ते तू मॅडमना सांगितलं न्हाईस व्हय?"

"मला काल सुचलंच न्हाय काका. ते कसं सांगू? आता तुम्हीच ठरवा."

मला एक शब्द बोलायचा होता. समोर आनेकेबाई हसत होत्या. भिंती नव्या रंगवलेल्या. तिकडं लाखो माणसं बघणार होती. मी म्हणालो, "थँक यू." आणि वर हात जोडले.

आज पूर्णिमाच्या घरी तेरावा होता. मी गेलो नाही.

शनिवार, २२ फेब्रुवारी

कशातच मन नाही. शेवटच्या दिवसाचं चित्रण आटोपलं. एका बाईनं पाच नारळ घेतले आणि माझ्याकडं बघितलं. मी काही बोललो नाही. कॅमेरावाल्यानं पुन्हा करा म्हणून खूण केली. तरी बोललो नाही.

रविवार, २३ फेब्रुवारी

पहिल्या बसनं बेळगावला गेलो, शहापूरला. गल्लीत मागांचा खडखडाट सुरू होता. मेव्हण्याच्या घरी माडीवर साड्यांचा ढीग आणि ढिगात कल्याणी बसलेली, भोवती पाच-सहा बायका, सगळ्या एकदम बोलत होत्या. मला बघून गप्प झाल्या आणि एकेक करून खाली गेल्या.

मी तिला सगळं सांगितलं. तिनं मध्ये कुठं अडवलं नाही. शेवटी एवढंच म्हणाली, "पूर्णिमाची सासू गेली ते मला गेल्या सोमवारीच कळलंतं. भावजयीची बहीण त्यांच्या भावकीत हाय."

"मग मला फोन करायचा न्हाय व्हय?"

"करणार हुतो. मग म्हटलं, सांगितलं तर हे तेबी तिकडं सांगतील."

तोंडात मारल्यासारखं झालं. मी म्हणालो, "म्हंजे?"

मग कल्याणी बोलली. बत्तीस वर्षांत एका दमात इतकं बोललेली आठवत नाही. "अहो, बायका माझ्याजवळ पिशवी ठेवतात तवा दोन शब्द बोलतात. कुणाचं दुखणं, कुणाचं भांडण. घरात बोलता येत न्हाय ते दारात बोलतात. मी ते जेवताना तुमच्याजवळ बोलत हुतो, कारण तुम्ही माझं माणूस. तुम्ही पुडा परत ठेवाय लावत हुतासा ते मला आवडायचं. हळू सांगत हुतासा तवर आवडायचं. गुणाबाईच्या मालकांची साखर तिच्या जावेलाबी ठाऊक नव्हती. तुम्ही सगळ्या दुनियेला सांगितली. मालक आठ दिवस तिच्यासंगं बोलले न्हाईत. ती माझ्याकडं आली आणि म्हणाली, कल्याणी, तू पण? आता कोण माझ्याजवळ पिशवी ठेवील?"

म्हणजे खण रिकामे होते ते थंडीमुळं नव्हते. मी किती येडा असेन! दोन महिने ती दारात बसून एकेक बाई पाठ फिरवताना बघत होती आणि मी गोदामात बसून हॉलंडवाल्यांना न्याहारी शिकवत होतो. आणि ती नजर, ते निरीक्षण, माझं कुठलं? माझं काहीच नव्हतं. ताटावर बसून ऐकलेलं होतं सगळं.

"घरी चल," म्हणालो.

"आधी त्या बाईला खरं सांगा. आणि पूर्णिमाकडं जावा. मग मी येतो. रचनाच्या साड्या कवाच काढून झाल्यात."

सोमवार, २४ फेब्रुवारी

आनेकेबाई कोल्हापूरला जायला निघत होत्या. गाडीत सामान भरलेलं. सौरवला म्हणालो, "आता अक्षर न अक्षर सांग." पूर्णिमा का रडली, मी गप्प का बसलो, सगळं सांगितलं. सौरव सांगत गेला तशा त्या गाडीच्या दाराला टेकल्या. मग म्हणाल्या, आपण तिच्याकडं जाऊ. कॅमेरा गाडीतच राहू दे.

मळ्यात पूर्णिमाचा नवरा गोठ्यात होता. ती बाहेर आली. मी वाट बघितली नाही, हात जोडले. "पूर्णिमा, मी चुकलो. तेराव्याला यायला पाहिजे हुतं, ते पण चुकलो."

ती म्हणाली, "तुम्हाला ठाऊक नव्हतं अण्णा."

"ठाऊक नव्हतं तर गप बसायचं हुतं."

तिनं चहा ठेवला. आनेकेबाईंनी सौरवकडनं विचारलं, ते चित्र फिल्ममध्ये घालू का, खरं काय झालं ते सांगून? त्यानं फिल्म फार चांगली होईल. पूर्णिमानं सरळ सांगितलं, "नको. माझं रडणं मला माझ्या घरात राहू दे."

आनेकेबाईंनी कॅमेरा मागवला आणि तिच्यासमोर, तिला दाखवत, ते पुसून टाकलं. मग त्या गोठ्यातल्या वासराला हात लावून उभ्या राहिल्या. मला त्या बाई आवडल्या. आपल्याकडच्या किती जणांनी पुसलं असतं? मी पुसलं असतं का, हे इथं लिहीत नाही, कारण उत्तर मला ठाऊक आहे.

मंगळवार, ४ मार्च

कल्याणी शुक्रवारीच आली. आज तिकडचा कार्यक्रम होता. गोदामात ती दारापाशी शेंगदाणे निवडत बसली होती, मुद्दाम नव्हे, तिथं उजेड बरा असतो म्हणून.

योरिसनं आज नवीन खेळ काढला होता. तिकडं एक बाई भरलेली बास्केट घेऊन उभी केलेली. म्हणाला, गोपाळ, हिनं काय परत ठेवायचं?

मी म्हणालो, "मला ठाऊक न्हाय. हिच्या घरात कोण आजारी हाय, कुणाचं लग्न हाय, कोण गेलं, मला काय ठाऊक? हिला जे पाहिजे ते तिला नेऊ दे." आणि मग म्हणालो, "मला आमच्या गिऱ्हाइकांचं जे कळत हुतं ते माझं न्हाय. लोक माझ्या बायकोला सांगत हुते, ती मला सांगत हुती, आणि मी सगळ्यांना सांगत सुटलो. ते माझं चुकलं. ज्या वैनींचा तुम्ही पुडा बघितलासा, त्यांची मी माफी मागतो. इथनं पुढं मी काय सांगणार न्हाय."

चिन्मयी सांगता सांगता थांबली. मग पुरं केलं.  मला वाटलं फोन तुटला. मग टाळ्या वाजायला लागल्या, पहिल्या दिवसापेक्षा जास्त. मला थोडं बरं वाटलं, नाही असं नाही. माझं मन अजून तसंच आहे.

योरिस म्हणाला, तुमच्या पत्नीशी बोलू शकतो का आम्ही? मी दाराकडं बघितलं. कल्याणीनं शेंगदाण्याच्या सुपावरनं मान वर न करता हळूच सांगितलं, "मी तिकडं बोललो तर हितल्या बायका माझ्याजवळ कशा बोलतील?"

मी योरिसला म्हणालो, "ती जेवाय बसल्या. आणि दीड वाजून गेलाय, मलाबी जायचं हाय." मोबाईल मी स्वतः बंद केला. पहिल्यांदा.

संध्याकाळी गुणाबाईंच्या दारात जाऊन आलो. मालकांनी दार उघडलं. माफी मागितली. त्यांनी 'बसा' म्हटलं नाही, पण दारही लावलं नाही. एवढं पुष्कळ झालं.

बुधवार, १२ मार्च

चिन्मयीचा फोन. मंगळवारच्या त्या वेळेला आता बकऱ्या पाळणारा एक माणूस येतो म्हणे, तो बकऱ्यांना गाणी म्हणतो. लोकांना आवडतो. मी विचारलं, "माझ्यापेक्षा?" ती म्हणाली, "बाबा, तुमचं वेगळं होतं." पोरीनं चांगलं सांभाळून घेतलं.

आनेकेबाईंची फिल्म झाली. अर्ध्या तासाची दहा मिनिटांची झाली. त्यात मी कमी आणि दुकान जास्त आहे. पितळी समई लई छान आलीय.

खण भरले नाहीत. आज अकरा वाजता मोजले तर नऊ पिशव्या. त्यातली एक आमच्याच आशिषची. कल्याणी रोज तिच्या जागेवर बसते, कुणालाही काही विचारत नाही. बिलावर बसून मी तोंड बंद ठेवायला शिकतोय. लई अवघड आहे. काल एका बाईनं एकावेळी चार किलो मैदा घेतला, माझी जीभ तोंडात नुसती फडफडली. "काय बोलणार न्हाईसा व्हय अण्णा?" तिनं विचारलं. म्हणालो, "बिल देतो." ती हसत गेली.

शुक्रवार, २८ मार्च

सकाळी अकराच्या सुमाराला पूर्णिमा आली. दोन पिशव्या होत्या तिच्याकडं. दोन्ही कल्याणीच्या काउंटरला ठेवल्या, बिल्ला घेतला, आणि तिथंच थांबली. एक मिनिट झालं, पाच मिनिटं झाली. मागं तीन बायका उभ्या राहिल्या आणि त्यातली एकही पुढं सरकली नाही, कुणी घाईही केली नाही. नीलम माझ्याकडं बघून म्हणाली, "अण्णा, तिकडं नका बघू." मी कोथिंबिरीचा भाव बोर्डावर पुसून परत लिहिला. भाव तोच होता.

दुपारी दीडला जेवायला बसलो. भाकरी, वांग्याची भाजी, ताक. कल्याणीनं पहिला घास घेतला, माझ्याकडं बघितलं, थोडा वेळ बघत राहिली. माझ्या हातातला घास हातातच राहिला. मग ती भाकरी मोडत, पूर्वीसारखी, आपणहून बोलायला लागली. बरंच बोलली. मी ऐकलं, सगळं ऐकलं, मध्ये एकदा हसलो आणि एकदा ताक पिताना थांबलो.

पूर्णिमा काय म्हणाली ते इथं लिहीत नाही.